धुक्यातला झेंडेवाला

पूर्णेला रेल्वे कॉलनीच्या मागे एका जुन्या लिंबाखाली बन्सीधरचं दोन खोल्यांचं घर आहे. तिथून गाडी दिसत नाही, पण कळते. मालगाडी असली तर पार्वतीबाईंच्या मांडणीवरची भांडी आधी कुजबुजतात आणि मग आवाज येतो. नोकरी संपून इतकी वर्षं झाली, तरी भांडी वाजली की बन्सीधरचा उजवा खांदा किंचित वर जातो. हे त्याला स्वतःला ठाऊक नाही. पार्वतीबाईंना ठाऊक आहे, पण त्या कधी बोलल्या नाहीत.

तो पॉइंट्समन होता. गावाकडे रान थोडं आणि भाऊ जास्त, म्हणून हा रेल्वेत गेला. आधी पडेल ते काम करणारा खलाशी, मग पॉइंट्समन, म्हणजे सांधेवाला. रूळ जिथं फुटतात तिथं गाडी कोणत्या वाटेला लावायची ते जुळवून देणारा. सांधा जुळवायचा, कुलूप घालायचं, किल्ली खिशात टाकायची आणि गाडी आली की हिरवा झेंडा धरून उभं राहायचं. इंजिनातून ड्रायव्हर हात बाहेर काढी. सगळं ठीक आहे, मी तुला पाहिलं, तू मला पाहिलंस, एवढंच त्या हाताचं म्हणणं. मग डबे निघून जात, धूळ खाली बसे, आणि बन्सीधर झेंडा काठीला गुंडाळून पुन्हा बाकावर येऊन बसे. त्याचा झेंडा कधी चुरगळलेला नसायचा. पार्वतीबाई तो घरी नेऊन धुवायच्या आणि तांब्यात निखारे घालून इस्त्री करायच्या.

सगळ्या नोकरीत बन्सीधर चालत्या इंजिनात कधी बसला नाही. तसा प्रसंग आला नाही, आणि ‘मला बसू द्या’ म्हणणं त्याच्या स्वभावात नव्हतं. आपण वरून कसे दिसत असू, हे मात्र त्याच्या मनात येई. पौषात नदीवरून धुकं चढत यायचं तेव्हा तर फारच. दिवस उजाडलेला असे, पण धुकं असं की हातातला हिरवा झेंडा राखाडी दिसावा. तळ्यातून म्हैस वर यावी तसं इंजिन धुक्यातून वर यायचं आणि पलीकडे बुडायचं. हात बाहेर आला की नाही, कळायचं नाही. आज आपल्याला कोणी पाहिलं, की आपण नुसता धुक्यालाच झेंडा दाखवला? एवढा एक प्रश्न त्याच्यापाशी शिल्लक राहिला होता. तो विचारायला माणूसही जवळच होता. शेजारचा परमेश्वर, मालगाडीचा निवृत्त ड्रायव्हर, रोज संध्याकाळी ओट्यावर येऊन बसायचा. पण परमेश्वर थट्टेखोर. ह्या गोष्टीची थट्टा झालेली बन्सीधरला चालली नसती.

मग घरात कॉम्प्युटर आला, म्हणजे मागे राहिला. मुलगा बजरंग पुण्याला नोकरीला गेला तेव्हा त्याने आपला जुना मोठा कॉम्प्युटर बापाच्या स्वाधीन केला. आत हौसेनं घेतलेलं, पडद्यावरचं चित्र नीट उमटवणारं ग्राफिक्स कार्ड होतं. जाताना त्याने रेल्वे चालवायचा एक गेम टाकून दिला. बन्सीधर आधी पोराचं मन राखायला बसला, आणि मग बसतच गेला.

त्या गेममध्ये कोणा हौशी मुलांनी आपल्याकडचा म्हणून एक मार्ग तयार केला होता. काळी रानं, बाभळी, एक लांब पूल आणि पुलापलीकडे एक लहानसं स्टेशन. बन्सीधरने सेटिंग उघडून वेळ पहाटेनंतरची लावली, धुकं दाट केलं, आणि दूरची माणसं दाखवायची की नाही अशी एक पट्टी होती ती शेवटपर्यंत सरकवली. गेम म्हणाला, बंद करून पुन्हा उघडा. त्याने उघडला. पूल ओलांडला. आणि प्लॅटफॉर्मच्या टोकाला, दुधात शाई सांडावी तसा एक निळा ठिपका उमटला. ठिपक्याला खांदे आले, डोकं आलं, आणि हळूच एक हिरवा झेंडा वर झाला.

बन्सीधरने गाडी तिथंच उभी केली. खिडकीचा पडदा ओढलेला होता, दुपार बाहेर राहिली होती. पडद्यावरचं धुकं खोलीभर पसरल्यासारखं वाटत होतं, पायांना गार लागत होतं. तो किती वेळ त्या माणसाकडे बघत बसला कोण जाणे. असे दिसायचो तर आपण. वाटलं होतं त्यापेक्षा बारीक. पण दिसायचो.

पावसाळाभर हे चाललं. दुपारची झोप झाली की तो इंजिनात चढायचा, धुक्यातून जायचा, झेंडेवाल्याला हात करायचा आणि चहाला परत यायचा.

दिवाळीनंतर झेंडेवाला गेला.

धुकं विरळ झालेलं, रानं लख्ख, गाडी लोण्यासारखी सुळसुळीत, आणि स्टेशनावर चिटपाखरू नाही. बन्सीधरने सेटिंग उघडून पाहिलं तर पट्टी पार अलीकडे आलेली. त्याने ती पुन्हा सरकवली, गेम बंद केला, उघडला. पट्टी पुन्हा अलीकडे. दुसऱ्या दिवशी तेच. आणि झेंडा नाही म्हटल्यावर बन्सीधर स्टेशन ओलांडेना. गेममध्ये कोणी अडवत नव्हतं. पण झेंडा नसताना गाडी पुढे काढायची, हे त्याच्या हातून होण्यासारखं नव्हतं. पुलाच्या तोंडाशी गाडी उभी करून तो बसून राही.

पार्वतीबाई दारातून डोकावल्या. “अवो, बंद पडली का गाडी?”

“झेंडा न्हाई.”

“मंग?”

“माणूस गेलाय तिथला.”

“कुठं गेलाय?”

“ते ठावं असतं तर आणला नसता का मी?”

पार्वतीबाई आत गेल्या. भाकरी थापताना मात्र त्यांचा हात जरा जोरात पडत होता.

अशातच परमेश्वरचं ठरलं. संक्रांत झाली की तो कायमचा नागपूरला लेकीकडे जाणार. घर पुतण्याला देऊन झालं होतं. ओट्यावर बसून त्याने हे सांगितलं तेव्हा बन्सीधरने फक्त मान हलवली. पण त्या दिवसापासून त्याला घाई झाली. एकदा तरी परमेश्वरला त्या इंजिनात बसवायचं. तोंडानं विचारायचं नाही. नुसतं धुकं दाखवायचं, झेंडेवाला दाखवायचा आणि त्याच्या तोंडाकडे बघायचं.

त्याने पट्टी पुन्हा एकदा टोकाला नेली, गेम नीट बंद केला आणि ‘झेंडेवाला दाखवतो’ म्हणून परमेश्वरला हाक मारली. परमेश्वर मफलर सारखा करत खुर्चीत बसला. गेम उघडला. लख्ख ऊन, मोकळं स्टेशन.

“बन्सी,” परमेश्वर म्हणाला, “तुझा माणूस रजेवर गेला का काय?”

“असतो तो. धुक्यात असतो.”

“धुकं तरी कुठं हाय? हे तर चैताचं ऊन पडलंय.” मग जरा थांबून, “जाऊ दे रं. मालक बदलला की माणसं बी बदलतात.”

तो हसत उठला. बन्सीधरही हसला, पण रात्री जेवताना त्याने भाकरीचा चतकोर तसाच ठेवला.

मग त्याने आयुष्यभर जे केलं तेच केलं. जुळवलेला सांधा कोणी हलवू नये म्हणून काय करतात? कुलूप घालतात. त्याने सेटिंग लावली, कॉम्प्युटर बंद केला, खोलीच्या दाराला कुलूप ठोकलं आणि किल्ली करगोट्याला बांधली. त्याच खोलीत संक्रांतीचे तीळ होते आणि गूळही होता.

“माझे तीळ आत हायेत,” पार्वतीबाई म्हणाल्या.

“उद्या देतो.”

“मी तुमच्या गाडीला हात लावते असं वाटतंय का तुमाला?”

“तसं न्हाई.”

“तसंच हाय. मी त्या खोक्यावरची धूळ बी झटकत न्हाई, फडकं अडकंल म्हणून. इतक्या वर्सांत तुमचा झेंडा धुतला, त्याला कधी डाग पडू दिला का?”

बन्सीधर किल्ली चाचपत झोपायला गेला. सकाळी त्याने कुलूप काढलं, कॉम्प्युटर लावला आणि गेम उघडला. पट्टी अलीकडे आलेली होती.

तो खुर्चीतच बसून राहिला. दार बंद, किल्ली कमरेला, आणि आत सांधा फिरलेला. म्हणजे फिरवणारा हात कुलपाच्या आतच होता. त्याने आधी तिळाचा डबा उचलून स्वयंपाकघरात नेऊन ठेवला. “चुकलो,” एवढंच म्हणाला. पार्वतीबाईंनी तीळ परातीत ओतले. “बजरंगाला लावा फोन,” त्या म्हणाल्या. “खोकं त्याचं हाय.”

दुपारी बजरंगाचा व्हिडिओ कॉल लागला. फोन पाण्याच्या पेल्याला टेकवून असा ठेवला की त्याला पडदा दिसावा.

“दादा, गेम चालतोय ना नीट?”

“लय सुळसुळ चालायलाय. पण मी जुळवलेलं कुणीतरी फिरवायलंय. तुझी आई न्हाई. कुलूप लावून बघितलं.”

“आईला कुलूप लावलं?”

“खोलीला रे.”

बजरंग हसला, मग फोनजवळ सरकला. “दादा, ते मीच केलंय.”

“तू पुण्यात बसून?”

“दिवाळीत आलो होतो तेव्हा. पुलावर चित्र अडकत होतं तुमचं, झटके बसत होते. म्हटलं दादांना त्रास नको. म्हणून कार्डाचं सॉफ्टवेअर नवीन टाकलं. ते गेम उघडायच्या आधी सगळ्या सेटिंगी आपल्या हिशेबानं लावून घेतं. गाडी पळावी म्हणून धुकं कमी करतं, लांबची माणसं काढून टाकतं. तुम्ही गेममध्ये काय लावलं ते त्याला चालत नाही.”

बन्सीधरने पडद्यावर बोट टेकवलं. “म्हणजे एका सांध्याला दोघं जण.”

“तसंच समजा.”

“मंग एकाला घरी पाठव.”

बजरंगाने सांगत जावं आणि बन्सीधरने करत जावं, असं चाललं. आधी कार्डाचं सॉफ्टवेअर उघडलं. त्यात गेमांच्या यादीत आपला गेम काढला. तिथं ‘आपोआप जुळवा’ अशा अर्थाच्या इंग्रजी ओळीपुढे बरोबरची खूण होती, ती काढली. बन्सीधर उठायला लागला तसा बजरंग म्हणाला, “थांबा, एवढ्यानं भागत नाही. कार्डाचं दुसरं एक पॅनेल आहे. त्यात ह्या गेमपुढे जे जे जबरदस्तीनं लावलेलं असेल, ते सगळं ‘गेम ठरवेल तसं’ करा. नाहीतर मागच्या दारानं हात घालतंय ते.”

“हं. झालं.”

“आता गेममध्ये जाऊन तुमचं लावा. बंद करा, पुन्हा उघडा. आणि दादा, ते सॉफ्टवेअर पुढं कधी नवीन झालं, तर ती खूण परत आली का ते बघत जा.”

“गाडीच्या आधी सांधा बघायचा असतोच.”

“पुलावर मात्र झटके बसतील आता.”

“बसू दे. धुक्यात गाडी हळूच असती.”

त्याने गेम उघडला. पट्टी टोकाला होती, ठेवली तिथंच. त्याने पुन्हा बंद केला, पुन्हा उघडला. तिथंच. फोनमध्ये बजरंग काही विचारत होता. बन्सीधर पूल ओलांडत होता, त्याला ऐकू आलं नाही.

संक्रांतीच्या दिवशी परमेश्वर तिळगूळ घ्यायला आला. त्याच्या घराच्या दाराशी बांधलेली पेटी येऊन पडली होती, पुतण्या ती सकाळी स्टेशनवर पोचवणार होता. बन्सीधरने त्याला खुर्चीत बसवलं आणि पडदा ओढला. स्वतः मागे, तिळगुळाच्या डब्याशेजारी उभा राहिला.

“आज तरी माणूस कामावर हाय का?” परमेश्वर म्हणाला.

बन्सीधरने मागून हात घालून गाडी सुरू केली.

धुकं आलं. बाभळी एकेक करून त्यात विरघळल्या. पूल लागला तसं चित्र अडखळायला लागलं. जरा थांबायचं, जरा पुढं जायचं, झोपेत कूस बदलावी तसं. परमेश्वरची पाठ हळूहळू खुर्चीपासून सुटली. मान पुढे आली, डोळे बारीक झाले. खोलीत कोणी म्हातारा बसलाय असं वाटेना. मफलर तेवढा जुना होता.

ठिपका उमटायच्या कितीतरी आधी, अजून नुसतं पांढरं असताना, परमेश्वरचा डावा हात टेबलाच्या बाजूने बाहेर गेला. कोपरापासून सरळ, तळवा उघडा. हात तसाच राहिला. मग धुक्यातून निळे खांदे आले, झेंडा वर झाला, आणि प्लॅटफॉर्म मागे सरकला.

परमेश्वरने हात आत घेतला आणि आपल्याच तळव्याकडे पाहिलं. त्याला थोडं अवघडल्यासारखं झालं.

“सवय,” तो म्हणाला.

“दिसत तर नव्हता अजून,” बन्सीधर म्हणाला. आवाज त्याने जपून काढला होता.

“धुक्यात कुठं दिसायचं काय. नुसतं पांढरं. पर टेसन आलं की हात बाहेर काढायचाच.”

“कुणाला?”

“असंल त्याला.” परमेश्वरने खांदे उडवले. “उभा असतोच की कुणीतरी. इतक्या थंडीत येऊन उभा ऱ्हातो, आपला हात बाहेर काढायला काय जातंय?”

पार्वतीबाई चहाचे कप घेऊन दारात आल्या होत्या. पडद्यावर झेंडेवाला मागे राहून लहान होत चालला होता. त्यांनी मान वाकडी करून त्याच्याकडे बघितलं.

“ह्याच्या झेंड्याला इस्त्री न्हाई,” त्या म्हणाल्या.

परमेश्वर हसला. बन्सीधरने तिळगुळाचा डबा पुढे केला. तेवढ्यात बाहेर कुठेतरी खरी मालगाडी आली असावी, कारण मांडणीवरची भांडी कुजबुजली. परमेश्वरच्या डाव्या हातात वडी होती, ती त्याने उजव्या हातात घेतली. बन्सीधरचा उजवा खांदा जरासा वर गेला. आणि पार्वतीबाई दोघांकडे बघत, हातात चहा धरून, गाडी निघून जाईपर्यंत दारातच थांबल्या.