हिरो वऱ्हाडी बोलत नाही

कंपूत एखादा पटकथालेखक असला की त्याने लिहिलेल्या गोष्टी बाजूला राहतात आणि त्याच्यावर गुदरलेल्याच जास्त साठतात. आमच्या अमरावतीच्या नाटकवाल्या टोळीतला मिलिंद, म्हणजे मिल्या, मूळचा अचलपूरचा. मुंबईत सिरियल लिहायला गेला तेव्हा त्याची एकच हौस होती: हिरोने वऱ्हाडीत बोलावं आणि कोणी फिदीफिदी हसू नये. बस्स, एवढंच!

*

पहिल्याच सिरियलमध्ये वऱ्हाडी मिळाली ती वॉचमनला. मिल्याने निर्मात्याला विचारलं, "हिरोला का नाही?"

"अरे, हिरो सिरियस आहे!"

"सर, आमच्याकडे लोक मरतातबी वऱ्हाडीतच!"

निर्माता इतका खूश झाला की त्याने हे वाक्य वॉचमनलाच देऊन टाकलं.

*

पुढे भांडून भांडून हिरोच्या मित्राला वऱ्हाडी मिळाली. बसस्टँडवरून तो फोनवर म्हणतो, "मी अकोल्याले जाऊन राहिलो." म्हणजे निघालोय. पुढच्या सीनला मिल्या सेटवर गेला तर तिथे भाड्याची खोली, पलंग, माठ, दोरीवर वाळणारी बनियन! पुण्याचा दिग्दर्शक म्हणाला, "तूच लिहिलंयस ना, जाऊन राहिला म्हणून?"

मिल्या कळवळला, "अहो, त्याची बसपण लागली नाही अजून!"

*

मिल्याची आई, आमच्या मावशी, दवाखान्यातून सिस्टर म्हणून रिटायर होऊन अचलपूरलाच असतात. शेजारणीने एकदा टोचून विचारलं, "पोरगा सिरियलमंदी हाय म्हनता, दिसत नाई तं कदी?"

"थो बोलते," मावशी म्हणाल्या, "पन दुसऱ्याच्या तोंडानं!"

*

शेवटी सिनेमा मिळाला आणि हिरो वऱ्हाडी! पण प्रेम सांगायचा सीन काही केल्या जमेना. मिल्याने घरी फोन लावला. "आई, बाबा तुले काय म्हनत होते वं?"

"काईच नाई. परतवाड्याच्या गाडीत जागा धराले खिडकीतून माह्यासाठी रुमाल टाकत."

मिल्याने हिरोला वाक्य दिलं, "बस कोनतीबी येऊ दे, रुमाल तुह्यासाठीच टाकीन." वाचताना माझ्या डोळ्यांत पाणी आलं, खोटं कशाला सांगू. मुंबईच्या शोला मात्र नेमके याच वाक्याला लोक खो खो हसले! मिल्या पार खचला.

*

मग अमरावतीचा शो. इथेही हसले तर लिहिणं बंद, असं मिल्याने मला सांगून टाकलं होतं. मुंबईची हकीकत मावशींच्या कानावर गेलीच होती. त्या मुद्दाम पहिल्या रांगेत बसल्या. मिल्याची आत जायची हिंमत होईना, मी त्याच्यासोबत दाराबाहेर उभा. तो सीन आला, गेला. आतून हूं की चूं नाही!

शो सुटल्यावर तो धावत मावशींकडे गेला. "आई, हसले काय वं लोक?"

"एकबी नाई हसला."

"अन् सिनेमा कसा वाटला?"

"मले काय मालूम! मी तं पडद्याकडं पाठ करून लोकाइकडंच पाहून राहिली होती!"