गोल बुडाचं मडकं

वडील मस्कतला आले तेव्हा त्यांच्या मनात एकच काळजी होती, आणि ती त्यांनी विमानतळावरून घरी येताना टॅक्सीतच बोलून दाखवली.

"एवढं लांब हाय व्हय रं हे? मग वेळेवर कसा पोचशील तू?"

कशासाठी पोचायचं, हे मला विचारावं लागलं नाही. आईला जाऊन वर्षही झालं नव्हतं. मी एकुलता एक मुलगा. आमच्याकडे चितेभोवती मुलानं पाण्याचं मडकं खांद्यावर घेऊन तीन उलट्या फेऱ्या घालायच्या असतात. दर फेरीला मागून कुणीतरी दगडानं मडक्याला भोक पाडतं, पाणी वाटेवर सांडत राहतं आणि शेवटी मागं न बघता मडकं टाकून द्यायचं. जाणाऱ्याची तहान त्या पाण्यानं भागते म्हणतात. आईच्या वेळी मी नेमका रजेवर गावी होतो, म्हणून ते माझ्या हातून झालं. वडील बाजूला उभे राहून पाहत होते. तेव्हापासून त्यांच्या डोक्यात हे बसलं होतं, की आपल्या वेळी मडकं कोण धरणार?

वडील आमच्या तालुक्याच्या गावी शाळेत शिपाई होते. तासाचे टोल तेच द्यायचे. मी त्याच शाळेत शिकलो, आणि पुढं त्यांनीच मला शहरात शिकायला ठेवलं. आमच्या घरात पदवी मिळवणारा मी पहिला. मी ओमानला नोकरीला आलो याचा त्यांना अभिमानच होता, त्यामुळे परत ये असं ते कधीच म्हणाले नाहीत. फक्त विमानाला किती वेळ लागतो, एवढं पुन्हा पुन्हा विचारायचे.

"आणि तुझ्या अर्बाबानं पासपोर्ट दिला न्हाई तर?" आठवड्याभरातच हा शब्द त्यांनी उचलला होता. आमचे पासपोर्ट मालकाकडे असतात हे त्यांना कुणीतरी सांगितलं होतं.

"देतो तो. वेळेवर पोचेन मी, इन्शाल्ला."

"इन्शाल्ला न्हाई," ते म्हणाले. "तू सांग."

मी सांगितलं, पोचेन. त्यांचा विश्वास बसला नाही, आणि खरं तर माझाही नव्हता.

नव्वदच्या दशकातली शेवटची वर्षं होती ती. बायको बाळंतपणाला माहेरी गेली होती आणि मस्कतमधल्या अल खौद भागातल्या घरात आम्ही दोघंच होतो. माझ्या ऑफिसात स्टोअर सांभाळणारा वसईचा एक कॅथलिक मित्र होता. मला तो 'डिग्रीवाले' म्हणायचा, कारण पदवी होती पण गाडीचं लायसन नव्हतं. त्याच्याकडे एक जुनी गाडी होती. एका शुक्रवारी तो म्हणाला, "बाबांना नुसतं भाजी मार्केट आणि समुद्र दाखवताय काय, डिग्रीवाले? चला, बहलाला जाऊ. तिथं मडकी करतात. आणि पुढं जुनी थडगी आहेत, हजारो वर्षांची."

"थडगी काय बघायची?" वडील म्हणाले. पण मडक्यांचं नाव ऐकून तयार झाले.

बहला हे खजुराच्या बागांमधलं मातीच्या घरांचं गाव. तिथं जिनांचा वास आहे असं ओमानी लोक सांगतात, हे मित्रानं वाटेतच सांगून ठेवलं होतं. कुंभाराचं काम एका लांबट, अंधाऱ्या पडवीत चाललं होतं. म्हातारा ओमानी कुंभार खड्ड्यात पाय सोडून बसला होता आणि पायानं चाक फिरवत होता. आत शिरलं की डोळ्यांना आधी काही दिसायचं नाही. मग हळूहळू मागची भिंत दिसू लागली. जमिनीपासून छपरापर्यंत मडकी आडवी रचलेली होती आणि सगळ्यांची तोंडं दाराकडे होती. आपण आत आलो की ती सगळी काळी तोंडं आपल्याकडेच वळल्यासारखी वाटायची. कुंभारानं पाय थांबवला तेव्हा पडवीत इतकं सामसूम झालं, की मी उगाच खाकरलो. माझं खाकरणं त्या सगळ्या मडक्यांतून बारीक होऊन परत आलं.

"सगळी आ वासून बसल्यात," वडील हळूच म्हणाले.

उन्हाळ्यात पाणी गार राहावं म्हणून मी तिथं एक मडकं विकत घेतलं. त्याला तिकडे जहला म्हणतात. त्याचं बूड साफ गोल असतं, त्यामुळे ते जमिनीवर उभं राहत नाही. वडिलांनी ते फिरवून फिरवून पाहिलं.

"खाली ठेवायचं कसं हे?"

कुंभारानं वर बोट केलं. आढ्याला दोरी बांधून दोन-तीन जहले लटकत होते. त्यांच्या बुडाला जमलेला थेंब खाली मातीत पडत होता.

"ठेवायचं नसतं, बाबा," मित्रानं सांगितलं. "टांगायचं, नायतर हातात धरायचं."

"म्हणजे एकदा उचललं की खाली ठेवायचं न्हाई," वडील म्हणाले आणि त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी नजर वळवली.

नवं मडकं पहिल्या दिवशी पाणी पितं, ते भरूनच न्यायचं, असा त्यांचा आग्रह होता. बागेतल्या पाटावर त्यांनी ते काठोकाठ भरलं आणि गाडीत मांडीवर घेऊन बसले. वाटभर ते पाझरत राहिलं आणि त्यांचं धोतर ओलं होत गेलं.

थडग्यांपाशी पोचलो तेव्हा उन्हं कलली होती. एका उघड्या टेकाडाच्या धारेवर चपट्या दगडांचे गोल बुरूज ओळीनं उभे होते. काही माणसाच्या दुप्पट उंच, तर काही अर्धे ढासळलेले. मागे करवतीसारखा प्रचंड डोंगर. तेव्हा तिथं कुंपण नव्हतं, पाटी नव्हती आणि आमच्याशिवाय माणूस नव्हतं. पोचता पोचता गाडीचं इंजिन तापलं. मित्रानं बॉनेट उघडलं आणि जवळच्या पाण्याच्या सगळ्या बाटल्या रेडिएटरमध्ये ओतल्या. मी त्याला मदत करत होतो. तेवढ्यात वडील मडकं सीटच्या कोपऱ्यात टेकवून पुढं गेले.

थोड्या वेळानं मला आठवलं, की त्यांची ब्लड प्रेशरची गोळी माझ्या खिशात आहे आणि बाटल्या तर रिकाम्या झाल्यात.

"मडकं घेऊन जा की," मित्र म्हणाला. "असं नको, हातातून निसटेल. खांद्यावर घे." त्यानंच ते उचलून माझ्या डाव्या खांद्यावर ठेवलं. त्याला बिचाऱ्याला आमच्यातलं काय माहीत असणार? आणि त्या क्षणी माझ्याही डोक्यात काही आलं नाही. खिशात गोळी होती आणि म्हातारा माणूस उन्हात होता, एवढंच डोक्यात होतं.

टेकाडाच्या पायथ्याशी वडिलांच्या चपला होत्या. देवळाबाहेर ठेवतात तशा शेजारी शेजारी, टेकाडाकडे तोंड करून. वर जाऊन पाहिलं तर ते कुठंच दिसेनात. मी हाका मारल्या. त्या दगडांमध्ये हाक पुढं जात नाही. तोंडातून निघते आणि तिथंच पडते. वारा होता, पण त्यानं हलावं असं तिथं काहीच नव्हतं, म्हणून तो दगडांच्या फटींतून आत शिरायचा आणि बाहेर यायचा. झोपलेलं माणूस श्वास घेतं तसा आवाज.

मग टक् असा आवाज आला. दगडावर दगड आपटल्यासारखा. तो धारेवरच्या एका मोठ्या थडग्यातून आला होता.

मला वाटलं, वडील आत बसलेत आणि मला खूण करताहेत. आयुष्यभर टोल दिलेला माणूस, हाक पोचत नाही म्हटल्यावर ठोकणारच. दार शोधायला मी थडग्याच्या कडेनं चालू लागलो. थडगं माझ्या डाव्या हाताला होतं आणि डाव्याच खांद्यावर मडकं, त्यामुळे भिंत मला दिसतच नव्हती. सूर्य डोळ्यांवर येत होता, पायाखाली ढासळलेले दगड होते, म्हणून मी खाली बघूनच चालत होतो. पूर्ण वळसा झाला, दार सापडलं नाही. पुन्हा टक्. या वेळी आवाज पलीकडच्या बाजूनं आला. मी आणखी एक वळसा घेतला. मानेवरून पाणी पाठीत उतरत होतं. मी 'दादा, दादा' म्हणत होतो, वडिलांना आम्ही दादाच म्हणायचो. तिसऱ्यांदा टक् झालं तेव्हा मी जवळजवळ पळतच निघालो आणि मूळ जागी येऊन थांबलो. पायाखाली पाहिलं. थडग्याभोवती पाण्याची ओली रेघ उमटली होती. कुठं ठिबकलेली, कुठं सलग, गोल फिरून माझ्या पायांशी आलेली.

तेव्हा मला कळलं, मी काय करून बसलोय.

मी मडकं धरून तसाच उभा राहिलो. खाली ठेवावं, तर ते ठेवता येत नव्हतं. टाकून द्यावं, तर टाकणं म्हणजे सगळं पुरं करणं.

"झाल्या का?" डावीकडून आवाज आला.

मी सबंध अंगानं वळलो तेव्हा दार दिसलं. गुडघ्याएवढ्या दगडांच्या ढिगामागं कमरेइतकं तिकोनी भोक. आत अंधारात वडील भिंतीला टेकून, पाय जवळ घेऊन बसले होते. त्यांचा चेहरा दिसत नव्हता, फक्त पांढरं धोतर दिसत होतं.

"दादा, बाहेर या."

"तीन झाल्या. मी बघत होतो. तुझे पाय दिसत होते, आन् पानी सांडत होतं."

"मी तुम्हाला शोधत होतो. तुम्ही ठोकत होता, म्हणून..."

"मी कुठं ठोकलं?" ते म्हणाले. "मी हात मांडीवर ठेवून बसलोय. मला वाटलं, तूच भोक पाडतोयस."

मी मडकं दोन्ही हातांनी घट्ट धरलं. मग माझ्या तोंडून नको ते निघून गेलं. "आता हे टाकू का?"

"टाकतोस कशाला? इथं घसा कोरडा पडलाय माझा. आण हिकडं."

ते ओणवे होऊन दारातून बाहेर आले. उजेडात त्यांचा चेहरा नेहमीचाच होता, थोडा धुळीनं माखलेला. त्यांनी ओंजळ पुढं केली आणि मी ओतत गेलो. ते कितीतरी वेळ पीत राहिले. पाणी कोपरांवरून गळत होतं. मग गोळी घेतली, पुन्हा प्याले आणि धोतरानं तोंड पुसलं.

"गार हाय," ते म्हणाले. "चल आता. मागं बघू नकोस."

आम्ही उतरू लागलो. अर्ध्या वाटेवर मागे वर पुन्हा एकदा टक् झालं. आम्ही दोघांनीही मान वळवली नाही. खाली येऊन मित्राला सांगितलं, तर तो म्हणाला, दिवसभर तापलेले दगड संध्याकाळी निवताना वाजतात. "असंल," वडील म्हणाले आणि चपला पायात घातल्या.

त्यानंतर विमानाला किती वेळ लागतो, हे त्यांनी कधी विचारलं नाही. त्यांना झोप चांगली लागू लागली. व्हिसा संपला तसे ते हसत गावी गेले. जहला मी गॅलरीत टांगला. त्यांच्या जागी आता मीच विमानाचे तास मोजायचो. गावाकडून अवेळी फोन आला की माझ्या डाव्या खांद्याला गार लागायचं.

खरा फोन आला तो काही वर्षांनी, मे महिन्यात. अर्बाबानं विनातक्रार पासपोर्ट हातात दिला. पण सुट्ट्यांमुळे सगळी विमानं भरलेली होती. जागा दुसऱ्या दिवशी मिळाली, आणि मुंबईहून गावापर्यंत रस्ता होताच. गावात पोचलो तेव्हा सगळं उरकलं होतं. मडकं चुलतभावानं धरलं होतं. दारात मला पाहून तो उठला आणि खाली मान घालून उभा राहिला.

"थांबलो असतो रे. पण हे ऊन, आन् बर्फही मिळंना."

"असू दे," मी म्हटलं.

"आन् काकाच म्हणाले होते. शेवटच्या दिवशी शुद्धीत होते, म्हणाले, पोराला घाई करू नका. त्याचं फिरवून झालंय." भाऊ माझ्याकडे पाहत राहिला. "आम्हाला वाटलं, बरळत्यात. म्हणाले, माझं पाणीबी पिऊन झालंय. काय रे ते?"

मी ओट्यावर बसलो. आतून कुणीतरी माझ्यासाठी तांब्या भरून आणला.

"खरं आहे ते," मी म्हटलं. "झालंय."