पाठमोरी रांग

माझे मामा वेल्ह्याच्या वरच्या वाडीत शेळ्या-मेंढ्या राखतात. लाल पटक्याशिवाय ते माणसांत येत नाहीत. आमच्यात पुरुषाचं डोकं चारचौघांत उघडं पडतं ते घरात मयत झाल्यावरच. तेराव्याला पाहुणे पटका बांधतात, मग माणूस पुन्हा उठबस करायला मोकळा. आणि आधार कार्डाचा कॅम्प वाडीत आला होता तो नेमका आजोबांचं दहावं झाल्यावर, तेराव्याच्या आत! मामा तसेच उघड्या डोक्यानं फोटोला जाऊन बसले. तेव्हापासून सरकारदरबारी ते कायमचे सुतकात आहेत.

यंदा हुकूम निघाला: रेशनकार्डावरच्या प्रत्येकानं मोबाईलला तोंड दाखवायचं, नाहीतर नाव कटणार. मी भोरच्या एका कचेरीत कारकून, म्हणजे असल्या हुकमांची सख्खी नातेवाईक. मामांना विंझरच्या रेशन दुकानात मीच घेऊन गेले.

मोबाईलनं मामांना साफ झिडकारलं. उजेडात नेलं, भिंतीशी उभं केलं, तरी तो ओळख देईना. वर म्हणतो, डोळे मिचकावा. ह्या वयात डोळा कुणाला मारू, असं मामांनी विचारल्यावर रांगेतल्या बायका पदरात तोंड घालून हसल्या. मी तर पोट धरून बसलेच. दुकानदाराच्या शेतात खतासाठी दरसाल मामांचीच मेंढरं बसतात; तो खाली मान घालून म्हणाला, "बाबा, पटका काढावा लागंल."

"का? कोण मेलंय?" मामांनी विचारलं.

मला इतका संताप आला की तो मोबाईल तांदळाच्या पोत्यात गाडावासा वाटला. पण मग नाव कटलं असतं.

तेवढ्यात रांगेतली पहिली म्हातारी पिशवी सावरत गपचूप पाठमोरी झाली. तिच्या मागची फिरली, मग तिच्या मागचा. दुकानदार आपल्याच पोत्यांकडं तोंड करून उभा राहिला. मीही मोबाईल मामांच्या हातात दिला आणि फिरले. रस्त्यानं एसटी गेली. दुकानाकडं पाठ केलेली रांग बघायला अख्खी एसटी खिडक्यांतून वाकली. कुणीतरी फिसकन हसलं आणि सगळ्यांचे खांदे हलायला लागले. पण मागं कुणी वळलं नाही.

मोबाईल वाजला. मामा म्हणाले, "हिरवं आलंय. म्हंजी?"

"ओळखलं त्यानं तुम्हाला," मी रस्त्याकडं बघत सांगितलं.

मामांनी सावकाश पटका बांधला. आम्ही थांबलो.

"फिरा आता," ते म्हणाले. "म्याच हाय."