ठकूआजीचं मागचं दार

आमच्या जुन्नरच्या आळीत एक नियम आहे. यात्रेच्या दिवशी ठकूआजीचा नैवेद्य भैरवनाथाच्या देवळात मागच्या दारानंच न्यायचा. का? विचारायचं नाही!

आता मला ‘विचारू नको’ म्हटलं की काय होतं, ते मला ओळखणाऱ्यांनी सांगायला नको. त्याच स्वभावानं माझी भर देवळात जी शोभा झाली, ती ऐका.

आळी कशी, तर देवळाला लागून शमीमचाचीचं शिलाईचं दुकान, समोर गुजराती शेठचं किराण्याचं, मग आम्ही मराठे आणि टोकाला धनगरांची ठकूआजी. देवाचा झेंडा दरवर्षी शमीमचाची शिवते आणि पुढच्या दारानं आणून देते. शेठचे पेढेही पुढच्याच दारानं येतात. मग एकट्या ठकूआजीनंच मागून का यायचं?

मी तात्यांना विचारलं. तात्या म्हणजे माझे चुलते आणि देवळाचे पंच.

“पहिल्यापास्नं तसंच हाय.”

“पण कारण?”

“कॉलेजात हेच शिकवत्यात का गं?”

बबनकाका दुसरे पंच. ते म्हणाले, “आमच्या बापाला आमी न्हाई विचारलं. तू कोण लागून गेलीस?”

झालं! हा अन्यायच, दुसरं काय? शमीमचाचीला म्हटलं, “चाची, यंदा मी आजीला पुढून नेणार.”

चाची मशीन थांबवून म्हणाली, “आजीला विचारलंस का?”

“अन्याय झालेल्या माणसाला काय विचारायचं?” काय वाक्य होतं! माझं मलाच आवडलं.

यात्रेचा दिवस. आरती रंगात आलेली. आजी पुरणपोळीचं ताट घेऊन मागच्या बोळाकडे निघाली, तोच मी तिचा हात धरला.

“आजी, आज पुढून!”

“अगं बाई, थांब, माझा सरदार...”

“कोणी सरदार नाही आणि कोणी पाटील नाही. सगळे सारखे!”

“आगं पर त्याला आदी बांदू दे...”

“घाबरू नका, मी आहे ना!”

आणि मी तिला पुढच्या दारानं थेट गाभाऱ्यासमोर नेलं. तात्यांची टाळी हवेतच राहिली. मी मान ताठ करून चौफेर बघितलं.

तेवढ्यात मागून घुंगरं वाजली.

सरदार म्हणजे ठकूआजीचा मेंढा! बाटलीनं दूध पाजून वाढवलेला, वासराएवढा. आजी जाईल तिथं हा मागं. देवळाच्या मागच्या भिंतीत एक लोखंडी कडी आहे. आजी त्याला तिथं बांधते. दारातून आजी दिसत राहते, म्हणून तो शांत उभा राहतो. तिच्या सासूचा मेंढाही तिथंच बांधलेला असायचा म्हणे. ती कडी आम्ही सगळे जन्मापासून बघत होतो. कशाला आहे, ते मात्र कुणाच्या डोक्यात आलं नाही.

सरदारनं आधी झेंडूचं तोरण खाल्लं. मग बबनकाकांच्या फेट्याचा शेमला तोंडात धरला. काका पुढं पळतायत, फेटा मागं उलगडतोय! आणि मग त्याला दिसली नवी कोरी स्टीलची दानपेटी. त्या चकचकीत पत्र्यात दुसरा मेंढा उभा!

सरदार चार पावलं मागं सरला.

“धरा राव, धरा त्याला!” शेठ ओरडला. कोण धरतंय? धाडकन आवाज झाला आणि दानपेटीला परातीएवढा पोचा पडला. शेवटी शमीमचाचीनं झेंड्याचं उरलेलं कापड त्याच्या डोळ्यांवर टाकलं आणि त्याला कडीला नेऊन बांधलं.

मग पंच बसले. बबनकाका बोडक्या डोक्यानं.

तात्या म्हणाले, “पेटी ठोकून आणून दे. आन् देवाम्होरं शपथ घे, परत असले प्रश्न न्हाई विचारणार.”

“पेटी आणून देते. माफीही मागते. शपथ नाही घेणार.”

“काय?”

“नाही म्हणजे नाही! मेंढ्यामुळं मागचं दार आहे, हे तुमच्यापैकी एकाला तरी माहीत होतं का? सांगा ना!”

तात्यांनी काकांकडे पाहिलं. काकांनी छताकडे. अख्ख्या पंचांना गप्प केलं मी! आयुष्यात प्रथमच!

तेवढ्यात खांबाला टेकून बसलेली ठकूआजी शांतपणे म्हणाली, “मला म्हाईत व्हतं की. पर लेकीनं सगळ्या आळीला इचारलं, मलाच तेवढं न्हाई इचारलं.”