राहिलेलं अर्धं नाव

आदल्या दिवशी दुपारी इंदूताईंचा फोन आला होता, तोही माझ्या गुडघ्यासाठी. "निर्गुडीचा पाला शेकून राह्यली का नाही?" मी म्हटलं, शेकते ना रोज. "खोटं नको बोलू सुनंदा. तुह्या आवाजातच समजते मले." मी हसले. विषय बदलायचा म्हणून विचारलं, तुमचं कसं काय, तर म्हणाल्या, "माह्यं काय होते? मी बरी आहो." आणि फोन ठेवून दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी अमरावतीहून त्यांच्या शेजारणीचा फोन आला. ताई झोपेतच गेल्या होत्या. ती बिचारी रडत रडत सांगत होती की ताप बऱ्याच दिवसांपासून होता, पण "कोनाले सांगू नको, उगीच धावत येतीन सारे" असं म्हणून ताईंनी तिचं तोंड बंद केलं होतं. मी ओट्याला टेकून तशीच उभी राहिले. म्हणजे काल माझ्या गुडघ्याची चौकशी करत होती ती बाई तापानं फणफणलेली होती, आणि मला तिच्या आवाजावरून काही म्हणता काही समजलं नाही. आता कितीतरी आठवडे झाले, मागचं सगळं यथासांग पार पडलं, तरी माझ्या डोक्यातला गुंता सुटत नाही. त्या गुंत्यात एक नाव अडकलेलं आहे आणि ते नाव आमच्याकडचं नाही, थेट नॉर्वेतलं आहे. ते इथे कसं येऊन पोचलं हे सांगायचं तर मला जरा मागे जावं लागेल.

इंदूताई माझ्या नणंद, माझ्या नवऱ्याहून मोठ्या. आम्ही अकोल्याचे, त्या लग्न होऊन अमरावतीला गेलेल्या. सासरी फुलांचा मळा होता, शेवंती, झेंडू, निशिगंध. नवरा लवकर गेला, मूलबाळ झालं नाही, तर ताईंनी देवळाच्या रस्त्यावर हाराफुलांचं दुकान मांडलं आणि शेवटपर्यंत चालवलं. पण घराण्यात कोणी अंथरुणाला खिळलं रे खिळलं की दुकानाला कुलूप लावून ताई हजर. बडनेऱ्याहून गाडी धरायची, हातात एकच कापडी पिशवी. मला कावीळ झाली तेव्हा आल्या, अभिजित झाला तेव्हा आल्या, आणि हे शेवटच्या दुखण्यात होते तेव्हा तर किती दिवस राहिल्या ते मी मोजलंही नाही. आजाऱ्यापाशी बसून त्यांचं एकच पालुपद असायचं, "काय दुखते ते सांग, लाजू नको." आणि बसायच्या कुठे, तर आमच्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर. उंबऱ्यावर बसू नये म्हणून सासूबाई ओरडायच्या, तर ताई म्हणायच्या, "इथून चुलीवरचं दूधही दिसते अन् खाटीवरचं मानूसही दिसते. मंग कुठं बसू?" आजाऱ्यानं आपल्या हातानं चहाचा कप धरला की समजायचं, ताईंची पिशवी भरून तयार आहे. थांबा म्हटलं तर थांबायच्या नाहीत.

आमच्यात बारशाला नाव आत्या ठेवते, आणि अख्ख्या घराण्यात आत्या म्हटली की इंदूताईच. माझ्या मुलाचं अभिजित हे नाव त्यांचंच. अभिला बहीण नाही, म्हणून त्याच्या लेकराची आत्याही ओघानंच त्या. नाव ठेवण्याची त्यांची एक रीत होती. ज्याचा अर्थ आपल्याला सांगता येत नाही असं नाव त्या लेकराच्या कानात सांगत नसत. एका पुतण्याच्या बायकोनं टीव्हीवरच्या मालिकेतलं कसलंसं गुळगुळीत नाव निवडलं होतं, तर तिला पाळण्यापाशीच विचारलं, "ह्याचा अर्थ काय बापा?" ती म्हणाली, छान वाटतं ऐकायला. "घंटीही छान वाटते," ताई म्हणाल्या, आणि पाळणा अर्ध्यावर थांबला. शेवटी सगळ्यांनी बसून दुसरं नाव शोधलं तेव्हा कुठे जेवणाची पानं वाढली.

अभि नोकरीसाठी नॉर्वेला गेला, तिथेच इंगरिडशी लग्न केलं. लेकरू व्हायचं होतं तेव्हा मुलगा की मुलगी हे त्यांनी मुद्दामच माहीत करून घेतलं नव्हतं, नाव मात्र आधीच ठरवलेलं, एइर. दोघांनाही चालतं म्हणाले. आणि एक दिवस फोन आला, "आई, एइर आलं, दोघंही छान आहेत, मग बोलतो," आणि कट. मी आनंदानं गेले मिठाईच्या दुकानात, तर दुकानदार नेहमीसारखा विचारतो, "पेढे देऊ का बर्फी?" मुलाचे पेढे, मुलीची बर्फी, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. आजी झाले होते आणि मला हे सांगता येत नव्हतं. तिथूनच ताईंना फोन लावला. त्या म्हणाल्या, "इचारून काय करतं? अर्धे पेढे घे, अर्धी बर्फी घे. लेकरू हाय ते." संध्याकाळी अभिनं सांगितलंच, पण ताई पुढेही कायम लेकरूच म्हणत राहिल्या. म्हणून मीही इथे मुलगा की मुलगी ते लिहीत नाही. त्यांना ते आवडलं असतं.

मग सुरू झाली अर्थाची शोधाशोध. मी जन्मभर कॉलेजच्या ऑफिसात नोकरी केलेली, म्हणून ताईंनी ते काम माझ्यावर टाकलं. "तू शिकली, तू सांग." अभिला विचारलं, तो म्हणाला, एइर म्हणजे मदत. इंगरिडला विचारलं, ती म्हणाली, दया. आठवड्यानं दोघं मिळून म्हणाले, शांती असंही म्हणता येतं. मी म्हटलं, अरे एक काय ते ठरवा, मला अमरावतीला उत्तर द्यायचं आहे. मग अभिनं इंगरिडच्या वडिलांना विचारून सविस्तर सांगितलं. शब्द फार जुना, त्यांच्याकडच्या जुन्या कथांतला. एका ठिकाणी एइर ही देवी आहे, सगळ्यांत चांगली वैद्य. दुसऱ्या ठिकाणी तेच नाव लढाईच्या मैदानावर फिरणाऱ्या बायकांमध्ये येतं. तिसऱ्या ठिकाणी एक डोंगर आहे, दुखणं घेऊन जी बाई तो चढून जाईल ती बरी होते, आणि त्या डोंगरावर बसलेल्या कुमारिकांमध्ये एक एइर. यातली खरी कोण, का तिघी एकच, हे तिथल्या जाणकारांनाही नक्की सांगता येत नाही. मी विचारलं, अरे पण बाईचं नाव आहे तर मुलालाही कसं चालतं? तर म्हणे, आधी शब्द होता, बाई नंतर आली, आणि मदत काही मुलगा-मुलगी नसते. शिवाय नाव दुर्मीळ, इंगरिडच्या अख्ख्या शाळेत कोणाचं नव्हतं. मी हे सगळं ताईंना फोनवर जमेल तसं सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "तुले समजलं का?" मी म्हटलं, नाही. "मंग मले कसं समजंन?"

अर्थ समजल्याशिवाय नाव सांगायचं नाही, यावर त्या ठाम राहिल्या. अभिला वाटत होतं आत्याला सून पसंत नाही, इंगरिडला वाटत होतं आपलं काहीतरी चुकलं, आणि मी दोन्हीकडून सांभाळत होते. मी स्वतःसुद्धा नातवंडाला त्या नावानं हाक मारत नव्हते. सोनू म्हणायचे, पिल्लू म्हणायचे. अडीच वर्षांचं लेकरू घेऊन ते दोघं डिसेंबरात अकोल्याला आले तेव्हा बारसं राहिलेलंच होतं. मी दिवस धरला, आणि ताई बारशाच्या आदल्या दिवशी सकाळीच आल्या, पिशवी ठेवली आणि तुरीच्या शेंगांची टोपली पुढ्यात ओढून उंबऱ्यावर बसल्या. इंगरिडही शेजारी फरशीवर बसून शेंगा सोलायला लागली. ताई अभिला म्हणाल्या, "तिले म्हना, ते डोंगरावरचं पुन्हा सांग." इंगरिडनं सांगितलं, अभि मराठी करून सांगत होता. दुखणाईत बायका डोंगर चढून येतात, एइर त्यांना बरं करते. ताईंचा हात थांबला. "अन् ते बिमार पडली तं तिचं कोन करे?"

अभिनं विचारलं. इंगरिडनं हातातली शेंग खाली ठेवली आणि तिथूनच वडिलांना फोन लावला. ते आधी हसले. असं कुठे लिहिलेलं नाही म्हणाले, आजवर त्यांना कोणी विचारलंही नव्हतं. ताईंनी हातातली शेंग सोलली, दाणे टोपलीत टाकले. "मंग हे अर्धंच नाव हाय," त्या म्हणाल्या. "ठीक हाय. राह्यलेलं मी सांगीन." इंगरिडला अभिनं समजावलं तेव्हा तिनं ताईंचा हात धरला, आणि ताईंनी तो सोडवून तिच्या ओच्यात मूठभर शेंगा टाकल्या. माझा जीव भांड्यात पडला. पण राहिलेलं म्हणजे काय, ते काही त्यांनी सांगितलं नाही.

बारशाला गल्लीतल्या सगळ्या बाया जमल्या. लेकरू पाळण्यात मावेना. पाय बाहेर येत होते, दोनदा उठून बसलं, तिसऱ्यांदा उतरून खेळायला निघालं, आणि बाया हसून हसून बेजार. शेवटी ताईंनी त्याला मांडीवर घेतलं, हाताचा आडोसा केला आणि कानाशी तोंड नेलं. आम्ही बाकीच्या रिवाजाप्रमाणे त्यांच्या पाठीत धपाटे घालायला तयार. पण ताई बोलतच होत्या. एवढंसं नाव, आणि किती वेळ... लेकरू एकदम शांत होऊन ऐकत होतं. मग त्यांनी मान वर केली आणि मोठ्यानं म्हणाल्या, "एइर." धपाटे बसले, घुगऱ्या वाटल्या. मी विचारलं, ताई, काय सांगितलं एवढं? "नाव सांगतलं." एवढा वेळ? "लंबं नाव होतं." लेकराला विचारलं तर त्यानं दोन्ही ओठ घट्ट मिटून घेतले. पुढे वर्षभर फोनवर मी कितीदा खोदून विचारलं असेल. ताई हसायच्या आणि गुडघ्यावर यायच्या.

आणि मग तो शेजारणीचा फोन. अमरावतीला पोचले तेव्हा दुकानाच्या बंद दारात फुलवाल्यांनी शेवंतीची टोपली ठेवलेली. ताईंच्या खाटेखाली औषधाची पुडी होती, न फोडलेली. मला त्यांचा राग आला, हे मी लपवत नाही. आयुष्यभर आमची दुखणी काढली, आणि स्वतःचं एक दुखणं आम्हाला काढू दिलं नाही. धावत येतीन सारे, म्हणाल्या. अहो आलोच असतो. तेवढ्यासाठीच तर माणसं असतात. का सांगितलं नाही, हे मी कितीदा स्वतःला विचारलं आणि दर वेळी वेगळंच उत्तर आलं, त्या नावाच्या अर्थासारखं.

परवा दुपारी अभिचा व्हिडिओ कॉल आला. मी उंबऱ्यावर बसले होते, तिथे या दिवसांत ऊन येतं आणि गुडघ्याला बरं वाटतं. लेकरू आता साडेतीन वर्षांचं आहे, मांडीवर त्याचं कापडी अस्वल होतं. माझा गुडघ्यावरचा हात बघून म्हणालं, "आजी, पाय?" मी म्हटलं, काही नाही बाळा, मी बरी आहे. लेकरानं क्षणभर माझ्याकडे पाहिलं. मग अस्वल बाजूला ठेवलं, तोंड फोनच्या इतकं जवळ आणलं की नुसता गाल आणि ओठ दिसत होते, हाताचा आडोसा केला, आणि हळूच म्हणालं, "थकलं का सांगजो. लाजू नको."

अभि मागून पुढे आला, त्याचा चेहरा उतरलेला. "आई, हे मी नाही शिकवलं." इंगरिड म्हणाली, रोज झोपताना अस्वलाच्या कानात काहीतरी पुटपुटतं, आम्हाला वाटायचं उगाच बडबड आहे. थकलं की सांग, याचं हे असं वऱ्हाडी अभि घरात बोलत नाही. लाजू नको तर इंदूताईंचंच, मी ते कावीळ झाली तेव्हा ऐकलंय, यांच्या खाटेपाशी ऐकलंय. डोंगरावरच्या त्या बाईचं राहिलेलं अर्धं नाव हेच होतं तर. ज्यांना हे इतकं नेमकं कळत होतं, त्यांना स्वतःला ते का जमलं नाही? का त्यांनी जन्मभर तोंडाबाहेर निघालं नाही तेच अडीच वर्षांच्या लेकराच्या कानात ठेवून दिलं? मला कळत नाही. मी खरंच सांगते, अजूनही कळत नाही.

लेकरू तिकडे उत्तराची वाट बघत होतं. मी डोळे पुसले. "एइर," मी म्हटलं. त्या नावानं मी पहिल्यांदाच हाक मारत होते. "थकली मी. गुडघा फार दुखतो. पाला शेकत नाही मी, खोटं सांगते सगळ्यांना."

एइरनं मान वळवली आणि बापाला मोठ्यानं सांगितलं, "बाबा, आजी थकली."