आईच्या फोटोतली मुकुत्ती

भूतबीत, कौल, नवस... यातलं मी काही मानत नाही. तंजावुरात राजवाड्यामागच्या गल्लीत माझा फोटो स्टुडिओ. अर्धं आयुष्य डार्करूममध्ये गेलं, अंधाराला घाबरून कसं चालेल? तरी लिहितोय, कारण या एका गोष्टीने माझं डोकं पार पिकवलंय.

नव्वदीच्या दशकाची अखेर होती. मी हौसेने कम्प्युटर आणि स्कॅनर घेतला होता. आईचं वर्षश्राद्ध जवळ आलेलं. पोंगलला मी काढलेला तिचा शेवटचा फोटो मोठा करून भिंतीवर लावायचा होता.

त्या फोटोवरूनच घरात वर्षभर धुसफूस चालली होती. आईच्या नाकात हिऱ्याची चमकी असे — आमच्याकडे मुकुत्ती म्हणतात. आई गेल्यावर मुकुत्ती माझ्या थोरल्या बहिणीच्या, अक्काच्या नाकात दिसू लागली. अक्का म्हणे, "दिवाळीलाच आईनं आपल्या हातानं दिली." माझी बायको कमला म्हणे, "मग नंतरच्या पोंगलच्या फोटोत कशी? वन्संनी मागाहून घेतली." वर मला हुकूम — "फोटो मोठा करा. श्राद्धाला येणाऱ्या सगळ्यांना दिसू दे!"

दोघींच्या कात्रीत मी.

फोटो स्कॅन केला, धूळ-ओरखडे घालवणारं फिल्टर चालवलं. मुकुत्ती गायब! ठीक आहे, चमकणारा ठिपका धूळ समजून पुसला असेल. नाक वगळून पुन्हा चालवलं... पुन्हा गायब. चिडून त्या फिल्टरचं प्लगइनच उडवलं, नव्याने स्कॅन केलं. आता स्कॅनमध्येच नाही. काच पुसली, केबल बदलली, सॉफ्टवेअरची सीडी देणाऱ्या मित्राला फोनवर शिव्या घातल्या. अख्खी दुपार वाया!

शेवटी मूळ फोटो खिडकीपाशी नेऊन भिंगाखाली धरला. नाक मोकळं. खाडाखोड नाही, डाग नाही... अहो, कम्प्युटरमधलं फिल्टर कागदावर चालतं का, सांगा मला!

घरी नेऊन कमलाला दाखवला.

"तुम्ही फोटो बदललात," ती म्हणाली.

"निगेटिव्ह केव्हाच हरवली, कशावरून बदलू?" मी ओरडलोच.

वर्षभर तिने रोज पाहिलेला फोटो तो. तिने तो उलटसुलट करून पाहिला; तोच होता. दुसऱ्या दिवशी अक्का तयारीला आली, तेव्हा कमलानेच फोटो तिच्यापुढे ठेवला. "वन्सं, माझं चुकलं. आईंच्या नाकात मुकुत्ती नाहीच. तुम्ही खरं सांगत होतात."

अक्का फोटोकडे बघत खालीच बसली.

"अय्यो आई... कां गं असं केलंस?" ती रडू लागली. "पोदुम्, कमले, पुरे झालं. मला दिली नव्हती गं. दवाखान्यात काढून ठेवलेली, ती मी उचलली. आई माझी चोरी झाकतेय!"

तिने फिरकी काढली आणि मुकुत्ती कमलाच्या हातावर ठेवली. वर्षभर जिच्यासाठी भांडली, ती हातात आल्यावर कमलालाही रडू फुटलं. मला आईची इतकी आठवण आली की मी उठून बाहेर गेलो.

आता मुकुत्ती डबीत, देवापुढे. 'तू घाल' आणि 'तुम्हीच घाला' हे नवं भांडण सुरू आहे! तेच फिल्टर मी नंतर कितीतरी बायकांच्या फोटोंवर चालवलं. नाक वगळलं की चमकी जागच्या जागी राहते. आणि दर पोंगलला आईचा फोटो भिंतीवरून उतरवून भिंगाने बघतो. नाक मोकळंच असतं. कसं, ते मला अजून कळलेलं नाही.