गोरज मुहूर्तावरच्या माश्या

कासारवाडीच्या स्टेशनामागे राहणाऱ्या सुमनताई देवस्थळींविषयी शेजारीपाजारी म्हणत, "बाईंनी स्वतःची सोयरीक काही जमवली नाही, पण माश्यांची कुळं मात्र तोंडपाठ!" हे त्यांच्या कानावर जाईल इतक्या मोठ्याने म्हटले जाई, आणि त्या न थांबता पुढे निघून जात.

पुण्याच्या एका महाविद्यालयात त्या प्राणिशास्त्राची प्रात्यक्षिके घेत. संध्याकाळच्या गाडीने परतताना त्यांच्या पिशवीत भाजीपेक्षा किडकी फळेच अधिक असत. फळमाश्यांच्या 'डाकस' या घराण्यातील कोणकोणत्या जाती आपल्या भागात नांदतात, याची नीट वर्गवारी लावण्याचे काम त्यांनी अंगावर घेतले होते. कुणी सांगितले नव्हते; असलेली वर्गवारी त्यांना अपुरी वाटली, एवढेच. किडके फळ त्या तळाशी वाळू पसरलेल्या बरणीत ठेवून वर फडके बांधीत. अळी वाळूत शिरून कोष करी, आणि कोषातून माशी निघाली की ती कोणत्या फळाची, याबद्दल वाद उरत नसे.

घरमालक चिमाजीरावांची पेरूची बाग घराला लागूनच होती. १९५६च्या भाद्रपदात तिथले पेरू आतून नासू लागले. बांधालगतच्या पट्टीत अंबूबाईचा कारल्याचा मांडव होता. तिचा नवरा याच बागेत राबून गेला, आणि त्याच्यामागे चिमाजीरावांनीच ती पट्टी तिला कसायला दिली होती. पिंपरीला औषधांचा कारखाना निघाल्यापासून तिची कारली तिथल्या वसाहतीत खपत. तिचे घर त्यावरच चाले. कारल्यातही अळी आणि पेरूतही अळी, तेव्हा मांडवावरची माशीच बागेत शिरते, असे चिमाजीरावांनी ठरवले आणि मांडव उपटायला सांगितले.

अंबूबाई सुमनताईंच्या दारात येऊन बसली. "ताई, तुमी माश्या वळखता म्हनं. माझ्या कारल्याची माशी पेरूला लागती का, येवढं सांगा. लागत आसंल तर मीच उपटते."

"नाही लागत. उपटू नकोस."

त्याच दिवशी त्या बुचावर टोचलेल्या दोन माश्या आणि भिंग घेऊन चिमाजीरावांकडे गेल्या. "ही कारल्याची. पाठीवर तीन पिवळ्या रेघा. ही तुमच्या पेरूतून निघालेली, हिला दोन. तुमच्या पेरूंतून तीन रेघांची एकही निघाली नाही. घराणं एक, जाती दोन."

चिमाजीरावांनी भिंगातून बराच वेळ पाहिले. "रेघांचं काय सांगता, ताई? माझा एक बैल पांढरा, एक कोसा. दोन्ही खिल्लारच की. आन घराणं एक म्हंजे आडनाव एक. आमच्यात आडनाव एक आसलं तरी देवक येगळं आसलं की सोयरीक खुशाल होती. ह्यांची बी होत आसंल. मग कसल्या दोन जाती?"

प्रश्न सुमनताईंना आवडला. "बरोबर विचारलंत. ह्यांची सोयरीक झाली, तर मांडव मी स्वतः उपटीन. नाही झाली, तर मांडवाचं नाव काढायचं नाही. कबूल?"

"कबूल!"

सायकलवाल्या चांदभाईंनी जुन्या तारा वाकवून तीन पिंजरे बांधून दिले. त्यांवर मलमल चढली. कोषातून निघताच नर आणि माद्या वेगळ्या करून सुमनताईंनी त्या वाढवल्या. माश्या वयात येईपर्यंत मांडवाला कुणाचा हात लागला नाही. चिमाजीराव शब्दाचे पक्के होते.

या माश्यांची गाठ पडते ती दिवस मावळताना. ठरल्या संध्याकाळी अंगणात पिंजरे मांडले गेले. एकात पेरूची जोडपी, दुसऱ्यात कारल्याची, तिसऱ्यात कारल्याचे नर आणि पेरूच्या माद्या. बघायला आळी लोटली.

"अगं बया, गोरज मुहूर्तच धरलाय की ह्यांनी!" चिमाजीरावांच्या पत्नी यशोदाबाई म्हणाल्या.

"मांडव आपण घातला, ताई," चांदभाई पिंजऱ्यांकडे बोट दाखवत म्हणाले, "मानपान आपल्याला पायजे."

"वऱ्हाड्यांनी गप्प बसायचं," सुमनताई म्हणाल्या.

उजेड उतरला. पहिल्या पिंजऱ्यात जोड्या जमल्या, पाठोपाठ दुसऱ्यातही. तिसऱ्यात नर पंख फडफडवू लागले आणि त्यांतला एक एका मादीच्या पाठीवर चढला. अंबूबाईने पदर तोंडात धरला. मादीने अंग झाडले, नर खाली पडला आणि ती चालत मलमलीच्या दुसऱ्या टोकाला गेली. दुसऱ्या नराचेही तेच झाले. काळोख पडला, तरी तिसऱ्या पिंजऱ्यात एकही जोडी नव्हती.

"आज न्हाई जमलं, उद्या जमंल," चिमाजीराव म्हणाले.

"उद्या या. परवाही या."

ते खरोखरच येत राहिले. पुढे तर घरून स्वतःचा पाट आणू लागले. सुमनताईंनी पेरूचे नर आणि कारल्याच्या माद्या अशी अदलाबदलही करून दाखवली. सोयरीक काही झाली नाही. शेवटी एका संध्याकाळी चिमाजीराव पाटावरून उठले, बांधापाशी गेले आणि मोठ्याने म्हणाले, "अंबू, मांडवाचे दोन बांबू कुजल्यात. माझ्या बेटातनं तोडून ने."

अंबूबाई वाकून मांडवाखालचे गवत काढू लागली.

"मग माझं पेरू नासवलं कुनी?" परत येत चिमाजीरावांनी विचारले.

"तुमच्याच बागेनं. झाडाखाली सडा पडलाय, तो तुम्ही उचलत नाही. अळी त्यातून मातीत जाते आणि माशी होऊन पुन्हा झाडावर येते."

जमलेल्या माणसांत हशा पिकला. चिमाजीरावांना तो झोंबला. "ताई," ते सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाले, "माश्यांच्या सोयरिकी येवढ्या बारकाईनं बघता, मग सोताच्या सोयरिकीचं कवा बघनार?"

सुमनताईंनी पिंजऱ्यावरची मलमल सोडवली, तिची घडी घातली आणि म्हणाल्या,

"ते मी बघेन, चिमाजीराव. तुम्ही पडलेले पेरू उचला आणि हातभर खोल पुरा."